पेनफोल्डची सहा वर्षं

सातारा, २७ जानेवारी २०२५

रेश्मा,

मायना काय लिहावा हे दोन दिवस ठरलं नाही, म्हणून नुसतं नाव लिहून सुरुवात करतो.

तुझी आई ९ जानेवारीला, गुरुवारी सकाळी सव्वानऊला गेली. वीरधवलने तुला फोनवर मेसेज पाठवला होता. दोन निळ्या खुणा आल्या, म्हणजे तू वाचलंस, असं त्याने मला समजावलं. उत्तराचा आग्रह नाही. फक्त एवढी बातमी भाच्याच्या फोनवरून जाऊ नये, बापाने लिहावी, असं वाटलं. फोनवर मला बोलता येत नाही हे तुला माहीत आहे. पठाणकोटहून बूथवर तासभर रांग लावून मी "बरं आहे ना? बरं" एवढं बोलून ठेवत असे. तुझी आई म्हणायची, तारेतसुद्धा याच्यापेक्षा जास्त शब्द असतात.

शेवटी तिला फार त्रास झाला नाही. आदल्या दिवशी दोन चमचे पेज घेतली. उशी उंच करून मागितली आणि प्रुफं आणा म्हणाली. मी दिली. ती तिने पोटावर ठेवली, उघडली नाहीत. दहावा, बारावा, तेरावा सगळं रीतसर झालं. लालासाहेबमामा सांगलीहून येऊन आठ दिवस राहिले.

प्रुफं म्हणजे तिच्या पुस्तकाची. तू घरी होतीस तेव्हा पुस्तक चौथ्या प्रकरणापर्यंत आलं होतं. पुढे ते पूर्ण झालं. नाव ‘साताऱ्यासाठी बोललेला माणूस’. सातवं प्रकरण तिने नऊ वेळा लिहिलं. प्रत्येक वेळी संध्याकाळी मला वाचून दाखवायची. मला त्यातलं थोडंच कळत असे, पण मी ऐकायचो. नोकरीतली चोवीस वर्षं मी वर्षातून दोन महिने घरी. निवृत्त झालो तेव्हा आमच्याकडे एकमेकांशी बोलायला विषय नव्हता. मग तिच्या पुस्तकातला तो इंग्रज, पेनफोल्ड, आला आणि विषय मिळाला. "आज पेनफोल्ड गप्प आहे," असं ती चहा पिताना म्हणायची, म्हणजे काम अडलंय. मनुवहिनी एकदा गावाहून आल्या होत्या. त्यांनी मला बाजूला घेऊन विचारलं, "भावजी, ह्यो पेनफोल्ड कोण म्हणायचा? पावना हाय का भाडेकरू?"

तिने १८८ पानांपैकी ११२ पानं तपासली. बाकीची मी तपासतो आहे. मला इतिहास येत नाही, पण फौजेत हवालदार क्लार्क होतो, कागद तपासता येतो.

तुझा पत्ता एका जुन्या पाकिटावरून घेतला. बदलला असेल तर हे पत्र परत येईल.

तात्या

सांगली, ११ फेब्रुवारी २०२५

रेश्मा,

पत्र परत आलेलं नाही. म्हणजे पत्ता बरोबर असावा.

परवापासून विश्रामबागला लालासाहेबांकडे आहे. उसाच्या ट्रॅक्टरांनी रस्ता भरलेला, त्यामुळे बसला साताऱ्याहून सांगलीपर्यंत साडेचार तास लागले. याच घरात २०२१च्या हिवाळ्यात आईच्या उपचाराच्या वेळी आम्ही चार महिने राहिलो. तिची खोली त्यांनी तशीच ठेवली आहे. मी बाहेर हॉलमध्ये झोपतो.

काल माधवनगरला धनाजीच्या छापखान्यात गेलो. बंद गिरणीच्या मागची शेड आहे. लग्नपत्रिका, कारखान्यांचे अहवाल, निवडणुकीची पत्रकं तो छापतो. पुस्तक हे त्याचं सहावं. आईचा तो विद्यार्थी नव्हता, तरी तिला बाई म्हणायचा. त्याने मला एक खुर्ची दिली आणि उरलेली प्रुफं कधी देता म्हणून विचारलं. लालासाहेबांनी परस्पर तारीख ठरवली आहे, रविवार १३ एप्रिल. हॉल सांगितला, पाहुणे सांगितले. ताईचं पुस्तक वर्षाच्या आत आलं पाहिजे, हा त्यांचा आग्रह. तो चुकीचा नाही.

मी धनाजीला म्हणालो, जरा थांबा. का, ते सांगता आलं नाही. लालासाहेब तिथंच म्हणाले, "दाजी, फौजेत बी इतका वेळ लावत हुता व्हय? तवा तर पाकिस्तान कवाच सांगलीत आलं असतं." धनाजी हसला. मीही हसलो.

खरं कारण पान सहावर आहे. प्रस्तावना तिने अगदी शेवटी, ऑक्टोबरात लिहिली आणि मला वाचून दाखवली नाही. मी ती परवा बसमध्ये पहिल्यांदा वाचली. त्यात असं आहे:

"पेनफोल्डचा जन्म कधी झाला हे मला अखेरपर्यंत कळू शकले नाही. ज्यांना मी त्याविषयी विचारले होते त्यांच्याकडून उत्तर आले नाही. त्यांना वेळ झाला नसावा."

तुला बहुवचन लावलं आहे. वाचणाऱ्याला वाटेल कोणी मोठे प्राध्यापक असावेत.

तुम्ही दोघी का बोलत नव्हता ते मी उगाळत नाही. तू तिकडे इंग्लंडात नोंदणी लग्न केलंस ते आम्हाला शेजारच्या बाईंच्या फोनवरच्या फोटोवरून कळलं. आईने त्या बाईंना पोहे केले, फोटो छान आहे म्हणाली, आणि पुढे तीन वर्षं तुझं नाव घेतलं नाही. मग २०२१च्या सप्टेंबरात तिने तुला पत्र टाकलं. त्यात लग्नाबद्दल अक्षर नव्हतं. पेनफोल्डच्या गावाला, मार्लबीला, तुझ्या दवाखान्यापासून रेल्वेने दोन तास लागतात, तिथल्या चर्चच्या वहीत त्याचं जन्मसाल बघ, एवढंच. पोस्टात टाकायला मीच गेलो होतो. आई माफी मागत नसे. काम सांगत असे. माझ्याशी भांडण झालं की दुसऱ्या दिवशी म्हणायची, "जरा वरचा डबा काढून द्या." डबा काढून दिला की भांडण मिटलं.

पुढचं या कागदावर लिहायचं होतं. लालासाहेब जेवायला हाक मारतात. साताऱ्याला गेल्यावर लिहितो.

तात्या

सातारा, २० फेब्रुवारी २०२५

रेश्मा,

तुझं उत्तर आलं होतं. १६ नोव्हेंबर २०२१ला आलं. ते आईला मिळालं नाही, कारण मी ते दिलं नाही.

आता कसं झालं ते क्रमाने लिहितो.

आई तेव्हा सांगलीला होती, किमोचं दुसरं इंजेक्शन झालं होतं. पेन्शनसाठी हयातीचा दाखला द्यायचा म्हणून मी एक दिवस साताऱ्याला आलो. बँकेत जाऊन मी जिवंत आहे म्हणून सही केली आणि घरी आलो तर पोस्टमन दारात उभा. परदेशी पाकीट, पुन्हा सही. पाकिटावर आईचं नाव होतं. आजपर्यंत मी कोणाचं पाकीट उघडलं नव्हतं. युनिटमध्ये जवानांची पत्रं माझ्या हातून जायची, एकही कधी वाचलं नाही. हे उघडलं. तू काही कडक लिहिलं असशील तर ते तिला त्या अवस्थेत नको, असं मनात होतं.

तू कडक लिहिलं नव्हतंस. तुझंच पत्र तुला सांगणं विचित्र आहे, पण मी काय वाचलं ते लिहितो, म्हणजे मला कळलं नव्हतं असं पुढे मला म्हणता येणार नाही.

तू सुट्टी काढून मार्लबीला गेलीस. चर्चच्या वहीत एडवर्ड पेनफोल्ड दोन निघाले. मागच्या आवारात दगडही दोन. थोरला जन्म १७६१, मृत्यू १८२६. धाकटा त्याचा मुलगा, जन्म १७९७. दोघंही त्याच गावातून पार्लमेंटमध्ये गेले. तू लिहिलं होतंस, "आई, इथे बाप जिवंत असतानाच मुलाला त्याचंच नाव ठेवतात. मलाही दगड बघेपर्यंत खरं वाटलं नाही."

आपल्याकडे हे कोणाच्या डोक्यातच येणार नाही. गेलेल्याचं नाव घरात परत येतं, जिवंत माणसाचं ठेवत नाहीत. आमचे वडील गेल्यावर दादाच्या नातवाचं नाव गुंडा ठेवलं. सासऱ्याचं नाव तोंडातून काढायचं नाही म्हणून मनुवहिनी त्या पोराला साईराज म्हणतात, आणि शाळेत त्याची दोन नावं लागली आहेत. पार्लमेंटच्या यादीत एकच नाव, १८०७ ते १८२६, आणि पुन्हा १८३२ ते १८४७, हे बघितल्यावर आईला एकच माणूस दिसला. मलाही तोच दिसला असता.

पण तिचं पुस्तकच त्या एका माणसावर उभं होतं. १८१३ साली पेनफोल्ड पार्लमेंटमध्ये म्हणाला की हिंदुस्थानच्या राजांशी केलेले करार म्हणजे व्यापाऱ्याच्या पावत्या, काम झालं की फाडाव्यात. त्याचे ईस्ट इंडिया कंपनीत शेअर होते. आणि १८४२ साली, साताऱ्याच्या महाराजांना गादीवरून काढून काशीला पाठवल्यानंतर, पेनफोल्ड दोन तास उभा राहून बोलला की दुर्बळाला दिला म्हणून शब्द हलका होत नाही. मधल्या काळात त्याला काय झालं, हा तिचा प्रश्न. सहा वर्षं तो पार्लमेंटमध्ये नव्हता, कुठेही बोलला नाही. त्या सहा वर्षांवर तिचं सातवं प्रकरण आहे. त्याने तेव्हा काय विचार केला असेल, आपली चूक कशी ओळखली असेल, कोणाजवळ बोलला असेल की नसेल. आणि तुझ्या पत्राप्रमाणे तो त्या सहा वर्षांत मेलेला होता. बदललं कोणीच नव्हतं. बाप बापासारखा बोलला, मुलगा मुलासारखा.

मी पत्र घडी करून माझ्या काळ्या ट्रंकेत ठेवलं. बरी झाली की देऊ, असं ठरवलं. मार्चमध्ये ती बरी होऊन घरी आली. तेव्हा अजून अशक्त आहे म्हणून दिलं नाही. जूनमध्ये ती जिना चढायला लागली. तेव्हा देता आलं असतं. पण आता सात महिने का ठेवलं, हे सांगावं लागणार होतं. नंतर वर्ष झालं. मग ते सांगणं पत्रापेक्षा मोठं झालं.

आणखी एक कारण आहे. ते लिहिल्याशिवाय हे पत्र खरं होणार नाही. ते प्रकरण पडलं तर संध्याकाळचं वाचन बंद पडेल, अशी मला भीती होती. मला ते हवं होतं.

दर महिन्याला एकदा तरी ती विचारायची, "टपाल?" मी म्हणायचो, "नाही." ती "बरं" म्हणायची. ट्रंक तिच्याच पलंगाखाली होती.

तुझ्या पत्राचं शेवटचं पान मी एकदाच वाचलं. तुला दिवस गेले होते. तू विचारलं होतंस, मुलगी झाली तर आई, तुझंच नाव सुला ठेवू का, इथे जिवंत माणसाचं नाव चालतं, पण तू हो म्हणालीस तरच. आणि लिहिलं होतंस की तुझं उत्तर आलं की फोन करीन, नाही आलं तर समजेन.

तू काय समजलीस ते मला माहीत आहे. ते खरं नव्हतं. आईने हो म्हटलं असतं की नाही, मला सांगता येत नाही. तिला कोणी विचारलंच नाही. विचारलं होतंस तू, पण तो प्रश्न मी घेतला आणि ठेवला.

तुझं पत्र सोबत परत पाठवतो. मूळ आहे. मी नक्कल ठेवलेली नाही.

पुस्तकाचं काय करायचं ते तू सांग. धनाजीला मार्चअखेर थांबायला सांगितलं आहे. छापू नका म्हणालीस तर छापणार नाही, लालासाहेबांना मी काय ते सांगेन.

तात्या

सातारा, २६ मार्च २०२५

रेश्मा,

तुझं पाकीट परवा मिळालं. आत पत्र असेल म्हणून दोनदा उलटून पाहिलं. फोटोच होता. बरं केलंस. मला लिहिण्यासारखं तुझ्याकडे काही असेल, असं मी धरलं नव्हतं.

फोटोत दोन दगड आहेत, शेवाळ आलेले, आणि मध्ये लाल टोपी घातलेली मुलगी उभी आहे. एक हात एका दगडावर. पाठीमागे तुझ्या अक्षरात, "डावीकडे बाप, उजवीकडे मुलगा, मध्ये सुला. वय तीन."

म्हणजे तू उत्तराची वाट न बघता ठेवलंस. किंवा बघून ठेवलंस. आई त्यानंतर जवळजवळ तीन वर्षं हयात होती आणि तिच्या नावाची मुलगी चालत होती, आणि आमच्या घरात दोघांपैकी कोणालाच ते माहीत नव्हतं. त्या फोटोबद्दल मी आणखी लिहीत नाही. तो आईच्या टेबलावर ठेवला आहे.

पुस्तक छापा की छापू नका, हे तू कळवलं नाहीस. मी फोटो पुष्कळ वेळ पाहिला. छापायचं नसतं तर दगडांचा फोटो पाठवला नसतास, असा अर्थ मी काढला. चुकला असेल तर तो माझा.

मग लालासाहेबांना फोन केला आणि सगळं सांगितलं. मी फोनवर एवढं आयुष्यात बोललो नसेन. त्यांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं. नंतर म्हणाले, "दाजी, झालं ते झालं. आता कुणाला सांगू नका. ताई गेली, कोण इंग्लंडात जाऊन दगडं मोजणार हाय? हाय तसं छापा." मी म्हणालो, चूक माहीत असून छापायची का? तर म्हणाले, मग सातवं प्रकरण काढून टाका, पुस्तक बारीक होईल एवढंच.

ते प्रकरण मी काढणार नाही. प्रुफं तपासताना मी ते पाच वेळा वाचलं. त्यात एक वाक्य आहे: "माणूस गप्प बसतो तेव्हा त्याला काही सांगायचे नसते असे नाही. आधी कोणी बोलायचे, एवढेच ठरत नसते." हे तिने २०१९ साली लिहिलं. ते पेनफोल्डबद्दल नाही, हे इतिहास न शिकलेल्या माणसालाही कळतं. मला तेव्हा वाचून दाखवलं आणि मी फक्त मान हलवली.

आणखी एक गोष्ट सापडली. पान ९७वर १८११ सालच्या वर्तमानपत्राचा उतारा आहे, त्यात पेनफोल्ड काठी टेकत बोलायला उभा राहिला असं आहे. प्रुफात त्याच्यासमोर तिने पेन्सिलीने लिहिलंय, "वय?" बस. ज्या माणसाला १८११ साली काठी लागते तो एकतीस वर्षांनी दोन तास कसा उभा राहिला, हे तिला खटकलं होतं. तिला शंका आली होती. उत्तर तिच्या पलंगाखाली होतं.

तुला आठवत असेल, फौजेत जवानाच्या लग्नाची, मुलांची, वयाची नोंद आदेश काढून होते. ती चुकली तर खोडायची नाही, रबर लावायचा नाही. जुना आदेश जागेवर राहतो आणि नवा निघतो, अमुकच्या ऐवजी अमुक वाचावे. खाली ज्याने चूक केली त्याची सही. मी असे शेकडो काढले. पोरं म्हणायची, जगदाळेसाहेब देवाच्या चुकीचाबी आदेश काढतील.

आता एक काढायचा आहे. माधवनगरला जातो.

तात्या

सातारा, १४ एप्रिल २०२५

रेश्मा,

काल प्रकाशन झालं. सोबत पुस्तक पाठवतो.

धनाजीने मी लिहिलेलं शुद्धिपत्र दोनदा वाचलं. म्हणाला, "तात्या, हे कशाला? शुद्धिपत्र कोण वाचतंय का? लावायचंच आसंल तर मागं चिकटवू, बारीक टायपात." मी पुढे लावा म्हणालो, प्रस्तावनेच्या आधी, पुस्तकाच्याच टायपात. तो म्हणाला, "लोक नावं ठेवतील तुमाला. बाईंच्या पुस्तकात तुमची बेइज्जती."

मी म्हणालो, "बाईंची नको व्हायला. एवढ्यासाठीच आहे."

चारशे प्रतींत त्याने आणि मी दोघांनी बसून तो कागद चिकटवला. खळ कमी पडली तेव्हा त्याच्या घरून आणखी आली.

हॉलमध्ये साठेक माणसं होती, निम्मे तिचे विद्यार्थी. लालासाहेबांनी सूत्रसंचालन केलं, माझ्याकडे न बघता. प्रती वाटल्यावर लोकांनी पुस्तक उघडलं आणि पहिलाच कागद तो आला. मी पहिल्या रांगेत होतो, मागे वळून पाहिलं नाही. पाहुण्यांनी भाषणात त्याचा उल्लेख टाळला, सभ्य माणूस आहे. चहाच्या वेळी बऱ्याच जणांना घाई होती. रिटायर सुभेदार कृष्णात तेवढा जवळ आला. तुला आठवेल, गोडोलीला राहतो, त्याच्या दोन्ही मुली आईच्या हाताखाली शिकल्या. कपबशी हातात धरून म्हणाला, "आमच्या बी घरात लय कागद लपल्यात, तात्या. छापायची छाती न्हाई." आणि बिस्किट बुडवून खाल्लं.

निघताना लालासाहेबांनी माझी पिशवी हातातून घेतली आणि बसपर्यंत आणली. खिडकीतून पिशवी आत देताना म्हणाले, "सुलाचा फोटो मला बी पाठवा म्हणावं." कुठली सुला, ते मला कळायला जरा वेळ लागला.

घर बरं आहे. ट्रंक पलंगाखालून काढून माळ्यावर टाकली. संध्याकाळी चहा एकच कप करतो. सवयीने दोन होतात.

तुला उत्तर लिहायचं नसेल तर लिहू नकोस. सुला वाचायला लागली आणि तिने मराठी शिकावं असं तुला वाटलं, तर या पुस्तकाचा पहिला कागद तिला आधी दाखव. पुस्तक टपालात फाटलं बिटलं तर म्हणून तो खाली उतरवून देतो.

तात्या

शुद्धिपत्र
(पुस्तक वाचण्यापूर्वी वाचावे)

१. या पुस्तकात एडवर्ड पेनफोल्ड हे एकच गृहस्थ समजले आहेत. ते दोन होते, पिता व पुत्र. पान १ ते ९७ येथे ‘पेनफोल्ड’च्या ऐवजी ‘थोरले पेनफोल्ड (१७६१–१८२६)’ वाचावे. पान ११३ पासून पुढे ‘धाकटे पेनफोल्ड (जन्म १७९७)’ वाचावे. साताऱ्यासाठी बोलले ते धाकटे.

२. पान ९८ ते ११२, प्रकरण सातवे. या सहा वर्षांत थोरले पेनफोल्ड हयात नव्हते व धाकटे पार्लमेंटमध्ये आलेले नव्हते. प्रकरण काढलेले नाही. ते लेखिकेचे आहे व जसे आहे तसे वाचावे.

३. वरील माहिती लेखिकेची मुलगी रेश्मा हिने ऑक्टोबर २०२१ मध्ये मार्लबी येथे स्वतः जाऊन मिळवली.

४. पान ६, प्रस्तावना. ‘ज्यांना मी त्याविषयी विचारले होते त्यांच्याकडून उत्तर आले नाही. त्यांना वेळ झाला नसावा’ याऐवजी असे वाचावे: ‘जिला मी त्याविषयी विचारले होते ती माझी मुलगी. तिचे उत्तर १६ नोव्हेंबर २०२१ रोजी आले. ते माझ्या पतीने माझ्यापासून लपवून ठेवले.’

५. इतर मजकुरात बदल नाही.

बाळासो गुंडा जगदाळे
हवालदार (क्लार्क), निवृत्त